माळाचं सुतक

उदगीरच्या लालमहंमद पेटीवाल्यांनी एकदा एक डोंगर दुरुस्त केला होता. हे मी आमच्या स्टाफरूममध्ये सांगितलं तेव्हा केमिस्ट्रीच्या सरांनी चहाचा कप खाली ठेवला आणि म्हणाले, "मॅडम, आज लेक्चरं जास्त झाली का?" झाली होती. लातुरात कोचिंगमध्ये शिकवणाऱ्या माणसाची लेक्चरं कमी झाल्याचं मी कधी ऐकलेलं नाही. सकाळी सहाला पहिली बॅच, मग दिवसभर घशाची माती. ध्वनीचं प्रकरण तर मी आता झोपेतही शिकवू शकते. बंद नळी, उघडी नळी, चार पर्याय, एक बरोबर. पण डोंगराचं खरं आहे, आणि ज्या प्रश्नाला पर्यायच दिलेले नसतात तो कसा सोडवायचा हे मी पुस्तकातून नाही, त्या पेटीवाल्याकडून शिकले. म्हणून त्यांच्याबद्दल लिहायला बसले आहे.

माझं माहेर धोंडहाळ, उदगीरहून कर्नाटकाच्या अंगाला. गावाच्या मागं माळ आहे. वर तांबडा, भोकाभोकांचा दगड, आणि त्याच्या खालून काळ्या धोंडी उभ्याच्या उभ्या निघालेल्या, कडब्याच्या पेंढ्या कुणी रचून ठेवाव्यात तशा. त्या धोंडींच्या फटींतून आवाज यायचा. आधी कुणीतरी दाराआड दबून हुंदके देतंय असं वाटायचं, मग तो लांबायचा, एकाच सुरात बराच वेळ चालायचा आणि मध्येच तुटायचा. परक्या माणसाच्या अंगावर काटा उभा राहायचा. आम्हा पोरांना सवय होती. आम्ही त्याच्या सुरात सूर मिसळून ओरडायचो आणि घरी मार खायचो.

मार खायचो, कारण माळ रडायला लागला की गावाला सुतक लागायचं. कुणाचं, तर माळाचं. धोंडहाळात माळ म्हणजे भावकीतलाच धरलेला. तो रडतोय त्या अर्थी त्याच्या घरी काहीतरी वाईट घडलंय, तर आपणही रीत पाळावी, एवढा सरळ हिशोब. रडण्याचा आवाज उघड्या अन्नावर पडू नये म्हणून अंगणातल्या कुरडया, पापड, मिरच्या आत घ्यायच्या. खळ्यावरची रास झाकायची. औत सोडायचं. माळ गप्प झाला की डोक्यावरून पाणी घ्यायचं आणि पुन्हा कामाला लागायचं. बाहेरगावचे मास्तर या प्रकाराला हसायचे. पुढं विज्ञान शिकायला लागल्यावर मीही हसायला लागले. हसणं म्हणजेच विज्ञान, अशी माझी तेव्हा समजूत होती.

लालमहंमद चाचा दरवर्षी श्रावणाच्या तोंडावर आमच्याकडे यायचे. माझे वडील शेषेराव गावच्या भजनी मंडळात पेटी वाजवायचे आणि चाचा ती दुरुस्त करायचे. उदगीरला स्टेशनच्या रस्त्यावर त्यांचं दुकान, वडिलांपासून चालत आलेलं. दुकान कसलं, एक माणूस आणि सहा पेट्या मावतील एवढी खोली. किडमिडीत अंग, नाकावर एक चष्मा आणि कपाळावर दुसरा. पण कान असा, की शेजारच्या घरात कुकरची शिट्टी झाली तरी हे म्हणणार, "काली चार आहे, पण जरा उतरलीय." त्यांची बायको रहमतबी सांगायची, "निकाहच्या दुसऱ्या दिवशी मला म्हणाले, तुझ्या डाव्या हातातली एक बांगडी बेसूर आहे. मी म्हटलं, अल्ला, कुणाच्या घरात पडले!"

सुराच्या बाबतीत त्यांना खोटं बोलता यायचं नाही. एकदा एका गाण्याच्या मास्तरांनी दुरुस्त करून नेलेली पेटी परत आणली, सूर चुकतोय म्हणून. चाचांनी वाजवून बघितली, मास्तरांना गायला लावलं आणि म्हणाले, "पेटी बरोबर आहे, मास्तर. तुम्ही उतरलात." ते गिऱ्हाईक गेलं ते गेलंच. रहमतबीनं आठ दिवस अबोला धरला. चाचांना मात्र आपण काही चुकीचं बोललो असं अखेरपर्यंत वाटलं नाही.

आमच्याकडे आले की पेटीचं काम उरकून ते माळावर जायचे. धोंडीला कान लावून तासन्‌तास बसायचे. मी मागं मागं जायची. मी दहा-अकरा वर्षांची असेन तेव्हा त्यांनी मला पेटीचा एक सूर काढून दाखवला. पितळेची बोटभर पट्टी, तिच्यात एक पातळ जीभ. "टोकाला घासली की सूर चढतो, बुडाला घासली की उतरतो," म्हणाले. मग तो सूर तोंडापाशी धरून फुंकला, तो बोलला. उलटा धरून फुंकला, तर गप्प. "बघ बेटी. सूर एकाच बाजूनं बोलतो. हा माळपण तसाच. हा रडत न्हाई, श्वास सोडतो. घेतो तेव्हा गप्प असतो." मी विचारलं, "मग सोडतो कधी आणि घेतो कधी?" ते म्हणाले, "हौ, तेच तर कळंना झालंय."

तेव्हाच कळलं असतं तर पुढचं सगळं टळलं असतं. पण चाचांना वर्षातून एक दिवस मिळायचा, आणि तो बहुतेक गप्प माळापाशी जायचा.

तीस सप्टेंबर त्र्याण्णवच्या पहाटे जमीन हलली. धोंडहाळात भिंती पडल्या, माणसं वाचली. पण आमच्या घरामागच्या गुणाबाईंची लेक सिंधु, एकोणीस वर्षांची, किल्लारीच्या बाजूला दिलेली होती. ती घराखाली गेली. लेकीचं तोंडही गुणाबाईंना बघायला मिळालं नाही. तिकडं पोचल्या तोवर सगळ्यांना एकत्रच अग्नी दिलेला होता.

आणि त्यानंतर माळ रडायला लागला. हादऱ्यानं धोंडी सरकल्या होत्या, फटी बदलल्या होत्या. आधी एक आवाज होता, आता दोन झाले, एकमेकांशी न जुळणारे. पुढं पावसाळी हवा लागली आणि माळ दिवसचे दिवस थांबेना. गाव शेतात, पत्र्याखाली, ताडपत्रीखाली राहत होतं. जमीन जरा गुरगुरली तरी लोक उठून बसत. त्यात हे. गुणाबाई तर आवाज सुरू झाला की उठून माळाकडं चालू लागायच्या आणि धोंडींना दगड मारायच्या. मी बघितलंय ते. पदर पडलेला, हातात मिळेल तो दगड. लोक त्यांना धरून आणायचे आणि म्हणायचे, बिचारीला रडणं सोसवत नाही.

दिवाळी झाल्यावर त्या माझ्या वडिलांना घेऊन उदगीरला चाचांच्या दुकानात गेल्या. गुणाबाई दारातच उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "लालभाई, पेटीतला सूर आपोआप वाजायला लागला तर तुमी बंद करता न्हवं? आमचा माळ बंद करा."

वडील सांगत, चाचांच्या हातातली कानस खाली पडली.

रहमतबीनं त्यांना अडवून बघितलं. "पेटी खोलून बघितल्याशिवाय तुम्ही हात लावत न्हाई, आन डोंगर न खोलता बंद करणार?" बाई शाळेत गेली नव्हती, पण त्या दिवसांत मराठवाड्यात येऊन गेलेल्या सगळ्या साहेबांपेक्षा शहाणं ती बोलली. चाचांनी ऐकलं नाही. गुणाबाईंचा चेहरा बघितल्यावर 'आधी समजून घेतो' म्हणायची ताकद माझ्यात नव्हती, असं पुढं ते मला म्हणाले.

अकरा दिवस ते आमच्याकडे राहिले. निखाऱ्यावर ऊद टाकून धूर एकेका फटीपाशी धरायचे. धूर जिथं लोटला जाई ते तोंड. अरुंद तोंडं सतरा निघाली. बारदान चुन्यात भिजवून त्यांनी ती आत ठासली आणि वरून सिमेंट लावलं. एक रुंद भेग मात्र मोकळी ठेवली. तिच्यातून हवा जायची, पण तिचे ओठ एकमेकांपासून लांब असल्यामुळे ती बोलायची नाही. "सगळीच तोंडं बांधली तर भाता फाटतो," म्हणाले.

बाराव्या दिवशी माळ गप्प झाला. गुणाबाईंनी त्यांना विचारलं, "पुन्हा रडंल?" चाचा म्हणाले, "न्हाई, आक्का." त्या म्हणाल्या, "मी हाय तवर नगं." चाचांनी जबान दिली. माळ पुन्हा उघडायचा नाही, गुणाबाई आहेत तोवर.

दहा वर्षं सगळं ठीक चाललं. म्हणजे लोकांना तसं वाटलं. नव्या भिंती उठल्या, पोरं मोठी झाली, आणि लातूर पॅटर्न नावाची एक नवीच ओढ लागली. ज्याला थोडं डोकं आहे आणि ज्याला नाही, दोघंही लातूरला. मीही गेले, शिकले आणि तिथंच शिकवायला लागले. गुणाबाईही पुढं लातूरला आल्या. मुलाच्या मुलीला अकरावीला घातलं होतं, तिला करून घालायला. लातुरात त्या काळी दर दोन खोल्यांमागं एक आजी असायची. भिंतीवर नातीची सूत्रं, खाली आजीची शेगडी.

असाच एक श्रावण. चाचा आमच्या ओसरीवर पेटी उघडून बसले होते आणि माझे वडील सहज कुरकुरले, "आजकाल पाऊस लई बेइमान झालाय, लालभाई. न सांगताच येतो."

चाचांचा हात थांबला. "पहिलं सांगून यायचा का?"

"सांगून म्हंजे... तसं न्हाई. पर रास भिजली, कडबा भिजला, असं पहिलं होत नव्हतं एवढं."

"मग कोण सांगत व्हतं, शेषेराव?"

वडिलांनी विचार केला आणि म्हणाले, "कोण सांगणार? कुणीच न्हाई."

दुसऱ्या कुणी हे बोलणं चहाबरोबर गिळून टाकलं असतं. चाचा ते घेऊन घरी गेले आणि त्यांना झोप येईना. पुढच्या महिन्यात ते पेटीचं काम नसताना आले. गावातल्या एकेका म्हाताऱ्या माणसापाशी बसून एकच विचारायचे, माळ रडल्याचं कधीचं आठवतं? एकजण म्हणाला, पुतण्याच्या हळदीला रडला, मांडव भिजला. एकजण म्हणाली, माझं तिसरं बाळंतपण त्या दिवशी, सुईण चिखलात घसरून पडली. तिसऱ्याचा बैल त्या रात्री वीज पडून गेला. कमलम्मा म्हणून एक आजी होती. तिनं तर तोंडभर हसून सांगितलं, "आमच्या नवऱ्यानं त्या दिवशी दुसऱ्या बाईसाठी लुगडं आणलं, अन् गाठोडं वाटंतच भिजलं. रंग गेला समदा."

चाचा मला म्हणाले, "बेटी, चौदा जणांना विचारलं. चौदा गोष्टी. आन प्रत्येक गोष्टीच्या शेवटी कुणीतरी भिजलेलं आहे."

आमच्या गावाला हे दिसलं नव्हतं असं नाही बरं का. दिसलं होतं, पण उलटं. माळ रडला की आभाळाला त्याची दया येते आणि तेही रडतं, अशी गावाची समजूत. सुतक फिटायची अंघोळ कितीदा तरी पावसानंच घातलेली असायची, ते पुण्याचं धरत.

चाचांनी एवढ्यावर विश्वास ठेवला नाही. ही सगळी बोलणी, म्हणाले, बोलण्याचा सूर उतरलेलाही असू शकतो. माळ तर उघडता येत नव्हता, जबान दिलेली. मग त्यांना मोकळी ठेवलेली रुंद भेग आठवली. तिच्या तोंडाशी त्यांनी काठीला लाल फडक्याची चिंधी बांधली. हवा बाहेर येत असेल तर चिंधी बाहेर फडफडणार, आत जात असेल तर आत ओढली जाणार. माझ्या वडिलांचं शेत तिथंच. रोज सकाळ-संध्याकाळ बघायचं आणि भिंतीवरच्या कॅलेंडरवर 'आत' किंवा 'बाहेर' लिहायचं. पाऊस आला तर टिंब. वडिलांनी आधी नाक मुरडलं आणि मग त्यांना त्याचं वेडच लागलं. आईची दुखणी कधी लिहून ठेवली नाहीत, पण माळाचा श्वास तीन वर्षं एक दिवस न चुकता लिहिला.

ती कॅलेंडरं पिशवीत घालून चाचा एके दिवशी आमच्या क्लासवर हजर झाले. वॉचमननं विचारलं, "कोणत्या बॅचचे पालक?" हे म्हणाले, "माळाचा." मला खाली बोलावलं.

"उज्ज्वला बेटी, हवेचं वजन करायचा काटा असतो ना?"

मी हसले. मग त्यांनी पानं माझ्यापुढं पसरली, क्लासच्या जिन्यात, पोरांच्या चपलांच्या ढिगाशेजारी. 'बाहेर', खाली टिंब. 'बाहेर', 'बाहेर', टिंब. 'आत', 'आत', 'आत', काही नाही. हिवाळ्यातल्या कोरड्या आठवड्यांत सगळं 'आत' किंवा नुसतं कधी असं कधी तसं. पण मोठ्या पावसाच्या आदल्या दिवशी जवळजवळ न चुकता 'बाहेर'.

मी पानं पुन्हा पहिल्यापासून बघितली. पाऊस येण्याआधी वरची हवा हलकी होते, तिचा दाब उतरतो. माळ आतून पोकळ. त्याच्या पोटात साठलेली हवा मग बाहेर निघते. एवढंच. हे मी दहा वर्षं फळ्यावर लिहीत होते, बाण काढून, आणि माझ्या स्वतःच्या माळाकडं मान वळवून बघितलं नव्हतं. मला लाज वाटली, आणि ती तिथंच त्यांना बोलून दाखवली.

चाचा म्हणाले, "तुला कशाची लाज? सांगणाऱ्याच्या तोंडात बोळा तर मी घातला."

त्या वर्षी फेब्रुवारीच्या अखेरीस अवकाळी पाऊस आला. हरभरा काढून खळ्यावर पडलेला, कुणीच झाकलेला नाही. चिंधी रात्रीतून 'बाहेर' वळली, अंधारात ती कुणाला दिसणार? आमच्या राशीला मोड फुटले. गाव मारुतीच्या पारावर जमलं. वडिलांनी कॅलेंडरं दाखवली, चाचांनी आपल्या तोंडानं सांगितलं की चूक माझी. मग काय, सगळे एकच बोलायला लागले, उघडा, उद्याच उघडा. चाचा म्हणाले, गुणाक्काला विचारावं लागेल.

हणमंतराव म्हणून गावातले पुढारी आहेत, प्रत्येक गोष्टीतून वाट काढण्यात तरबेज. ते म्हणाले, "अवो, ती लातुरात हाय. तिला कुठं ऐकू येणार हाय? तुमची जबान बी ऱ्हाती आन आमचं धान्य बी."

चाचा म्हणाले, "जबान तिच्या कानाला दिली नव्हती, हणमंतराव. तिला दिली व्हती. ती नक्को म्हणाली तर माळ बंद राहील."

लोक चिडले. मीही मनातून चिडले होते, खोटं कशाला सांगू. एका बाईच्या दुःखासाठी सगळ्या गावानं किती वर्षं भिजायचं? पण चाचांच्या चेहऱ्याकडे बघून कळत होतं की हा माणूस आधीच अर्धा खचलाय. गुणाबाई नाही म्हणाल्या तर दर वर्षीच्या भिजल्या राशीचं ओझं तो मरेपर्यंत वाहणार होता, आणि त्यांनी हो म्हणावं म्हणून एक शब्द जास्तीचा बोलणार नव्हता.

रविवारी दुपारी मी त्यांना गुणाबाईंच्या खोलीवर घेऊन गेले. नात क्लासला गेली होती. भिंतभर कागद चिकटवलेले. माझ्याच नोट्सचे दोन कागद होते. गुणाबाई खाली बसून भेंड्या पुसत होत्या. मला म्हणाल्या, "ये माय." चाचांना बघितल्यावर पदर सावरला आणि हातातलं फडकं बाजूला ठेवलं. त्यांना बहुधा लगेच कळलं.

चाचांनी फिरवून सांगितलं नाही. "आक्का, त्या वेळी मी न समजता माळ बंद केला. आता समजलंय. तो रडत न्हाई. पाऊस यायचा असला की त्याच्या पोटातली हवा बाहेर निघती, तिचा आवाज होतो. गावाला त्याचाच आधार व्हता, गावाला ते ठाऊक नव्हतं. मला माळ खोलायचाय. तुम्ही हौ म्हणाल तर."

गुणाबाईंनी भेंड्यांची परात बाजूला सारली. मग म्हणाल्या, "नुसत्या पावसापायी?"

"नुसत्या पावसापायी."

"सिंधु गेली त्या दिवशी बी?"

"भूकंपाच्या दिवशी?"

"न्हाई वो. त्याच्या आधी दोन दिवस. ती सासरी निघाली त्या दिवशी." त्या चाचांकडं न बघता बोलायला लागल्या. "म्हालक्षिम्याला आली व्हती. अनंताच्या पूजेला सासरी पायजे म्हून निरोप आला. निघायच्या दिवशी दुपारपासनं माळ रडाय लागला. आमच्यात नेम हाय, माळाच्या सुतकात लेक सासरी धाडायची न्हाई. माझी सासू असती तर तिनं पायरी उतरू दिली नसती. मी म्हटलं, कुठं आता जुनं घेऊन बसायचं, जावई रागावतील. धाडली. तिसऱ्या दिवशी..."

हा नेम मला ठाऊकच नव्हता. तो लग्न झालेल्या लेकींच्या आयाच पाळत असणार.

"लोकास्नी वाटलं मला रडणं सोसंना," गुणाबाई म्हणाल्या. "रडणं सोसत व्हतं. सगळं गावच रडत व्हतं. पर त्यो माळ मला म्हणत व्हता, तुला सांगितलं व्हतं, तुला सांगितलं व्हतं. रोज. म्हून म्या तुमच्याकडं आले. तुमी त्याला गप केलं, पर माझ्या कानात त्यो अजून म्हणतोच हाय."

पंधरा वर्षं आम्ही सगळे ह्या बाईबद्दल चुकीचं समजत होतो. मला काहीतरी धीराचं बोलावंसं वाटलं, आणि सुदैवानं काही सुचलं नाही.

चाचांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. मग विचारलं, "सुतकात लेक का धाडायची न्हाई, आक्का?"

"नेम हाय."

"हौ, नेम हाय. पण का?"

मला त्यांचा असा राग आला, की उठून त्यांना बाहेर न्यावं. समोर बाई जळतेय आणि ह्यांचं काय चाललंय! गुणाबाईही वैतागल्या. "आता का म्हंजे? पहिल्यापासनं हाय."

"गावातनं बाहेर पडायचं म्हंजे त्या वेळी कुठून जायचं?"

"वढ्यातनं. एष्टी पल्याड थांबायची. पूल तर आत्ता झाला की."

"आन पाऊस झाला की वढा?"

"लई भरायचा. माझ्या सासूची नणंद तिथंच गेली, कडेवरच्या लेकरासकट. माहेरी आलेली, परत..." गुणाबाई बोलता बोलता थांबल्या.

चाचा हळू म्हणाले, "नेम वढ्याचा हाय, आक्का. माळ पावसाचं सांगत व्हता. पाऊस येतोय, लेकीला पाण्यात घालू नगा, एवढंच. जमीन हलणार हे त्याला ठाऊक नव्हतं. तो दगड हाय. त्याच्या पोटात हवा हाय, दुसरं काही न्हाई."

"पर वढा तर..." गुणाबाईंनी चाचांचा दंड धरला. आमच्याकडे बायका परक्या पुरुषाला हात लावत नाहीत. "वढा तर ती पार करून गेली व्हती. पाणी घोट्याएवढं व्हतं. मी अल्याड उभी व्हते. पल्याड जाऊन तिनं हात केला. म्या बघितलं. एष्टीत बसली, मग पाऊस आला."

"मंग त्यानं जे सांगितलं व्हतं, त्यातनं ती सुखरूप गेली व्हती, आक्का. तुमी तिला नीट धाडली व्हती."

मी रडत होते. गुणाबाईंच्या डोळ्यांत पाणी नव्हतं. त्या चाचांच्या तोंडाकडं एकटक बघत होत्या.

"पुन्हा सांगा," त्या म्हणाल्या.

चाचांनी पहिल्यापासून सांगितलं. पाऊस, हवा, ओढा, घोट्याएवढं पाणी. त्या म्हणाल्या, पुन्हा. त्यांनी पुन्हा सांगितलं, एक शब्द न वाढवता, एक न गाळता. खाली रस्त्यावर बॅच सुटली, सायकलींचा गलका झाला आणि ओसरला. चौथ्यांदा सांगून झाल्यावर गुणाबाईंनी त्यांचा दंड सोडला.

"खोला," त्या म्हणाल्या. "आन खोलाल त्या दिवशी मला न्यायला या."